लुसिंडा विल्यम्सनं एवढा वेळ का घेतला?

प्रश्न थोडक्यात असा आला आहे: 'मी २८ वर्षांची आहे. शब्द माझे, चाल माझी, गिटार घेऊन मीच गाते. अमेरिकन गायिका-गीतकार लुसिंडा विल्यम्स खूप ऐकते. तिचा पहिला अल्बम १९७९चा आणि ज्यानं ती सगळ्यांना माहीत झाली तो १९९८चा. त्या एका अल्बमवर तिनं सहा वर्षं घालवली असं वाचलं. ही जिद्द म्हणायची की हेकेखोरपणा? आणि मधल्या काळात तिचं पोट कशावर चाललं?'

मी पुण्यात गेली तेवीस वर्षं रेकॉर्डिंग आणि मिक्सिंग करतो. स्वतःची गाणी स्वतः गाणारे किमान शंभर जण माझ्या मायक्रोफोनसमोर बसून गेले असतील. त्यांच्यातल्या बहुतेकांना केव्हा ना केव्हा मी या बाईंची गोष्ट सांगितली आहे. तुमचा दुसरा प्रश्न, पोटाचा, तुम्ही संकोचानं शेवटी टाकला असावा. मला तोच महत्त्वाचा वाटतो. ती थांबू शकली ती तिची गाणी दुसऱ्यांच्या गळ्यातून पैसे मिळवत होती म्हणून. आणि तिला थांबावंसं वाटलं ते तिला स्वतःचा आवाज ऐकू येत होता म्हणून. या दोन गोष्टी मी वेगळ्या करू शकत नाही, त्यामुळे उत्तर लांबणार आहे.

आधी थोडी पार्श्वभूमी. लुसिंडाचा जन्म २६ जानेवारी १९५३चा, लुइझियानातल्या लेक चार्ल्सचा. वडील मिलर विल्यम्स हे कवी आणि प्राध्यापक. १९९७ साली बिल क्लिंटन यांच्या दुसऱ्या शपथविधीत कविता वाचली ते हेच. आई पियानो वाजवायची, पण मानसिक आजारानं तिला आयुष्यभर छळलं. वडिलांच्या नोकऱ्यांमागे बिऱ्हाड सतत हलायचं: मेकन, बॅटन रूज, न्यू ऑर्लिन्स, मध्येच चिलीतलं सँटियागो, मेक्सिको सिटी, शेवटी आर्कन्सॉमधलं फेएटव्हिल. तिच्या गाण्यांत गावांची नावं एवढी का येतात, याचं उत्तर या यादीत आहे. ती बारा वर्षांची असताना वडिलांचा एक विद्यार्थी घरी बॉब डिलनची नवी रेकॉर्ड घेऊन आला आणि एकीकडे घरातली कविता, दुसरीकडे रेडिओवरचं गाणं, ही दोन्ही एकाच जागी असू शकतात हे तिला कळलं. हे तिनं स्वतः अनेकदा सांगितलं आहे.

पहिला अल्बम १९७९ साली फोकवेज या कंपनीसाठी. मिसिसिपीतल्या जॅक्सनमधल्या मलाको स्टुडिओत एका दुपारी गाऊन झाला. सगळी गाणी इतरांची, जुनी ब्लूज आणि कंट्री. हातात पैसे आले २५०डॉलर. हा आकडा लक्षात ठेवा, तो पुन्हा लागणार आहे. पुढच्या वर्षी, १९८० साली, त्याच कंपनीसाठी स्वतःच्या गाण्यांचा अल्बम आला. दोन्ही फारसे कुणी ऐकले नाहीत. त्यानंतर आठ वर्षं एकही अल्बम नाही.

या आठ वर्षांत ती ऑस्टिन आणि ह्यूस्टनच्या छोट्या क्लबांत गायली, दुकानांत नोकऱ्या केल्या, १९८४ साली लॉस एंजलिसला गेली. तिथं सीबीएस कंपनीनं तिला सहा महिने जगण्यापुरते पैसे दिले: नोकरी सोड, गाणी लिही, डेमो टेप करून दे. माझ्या मते तिच्या कारकिर्दीत एखाद्या कंपनीनं केलेलं हे सगळ्यात उपयोगी काम. ज्या गाण्यांवर ती पुढं उभी राहिली त्यांतली बरीच या मोकळ्या दिवसांत झाली. टेप तयार झाल्यावर मात्र लॉस एंजलिसच्या मंडळींना ती रॉकसाठी जास्तच कंट्री वाटली आणि कंट्री संगीताचं माहेरघर असलेल्या नॅशव्हिलच्या मंडळींना कंट्रीसाठी जास्तच रॉक. टेप परत आली.

त्याच सुमारास कंपनीतल्या एकानं तिला समोर बसवून सांगितलं, तुझ्या गाण्यांना ब्रिज नाही, म्हणजे ती अजून पुरी झालेली नाहीत. ब्रिज म्हणजे दोन-तीन अंतरे आणि ध्रुवपद होऊन गेल्यावर मध्येच वेगळ्या चालीत येणारा तुकडा. ती घरी गेली आणि डिलनच्या, नील यंगच्या रेकॉर्डी काढून बसली. त्यांच्या कितीतरी गाण्यांना ब्रिज नव्हता! तेव्हा ती निश्चिंत झाली. मला ही गोष्ट फार आवडते, कारण तिनं त्या माणसाशी वाद घातला नाही आणि त्याचं ऐकलंही नाही. तिनं जाऊन तपासलं. तुम्हालाही कुणी तरी 'मुखडा लगेच पकडत नाही' किंवा 'अंतरा वर जात नाही' असं सांगितलं असेलच. तेव्हा आपल्याला आवडणारी वीस गाणी काढून खरंच तसं असतं का ते पाहायचं.

शेवटी तिला घेतलं ते रफ ट्रेडनं, म्हणजे पंक संगीतासाठी ओळखल्या जाणाऱ्या ब्रिटिश कंपनीनं. १९८८ साली नुसत्या तिच्या नावाचा अल्बम निघाला. सहनिर्माता आणि गिटारवर गर्फ मॉर्लिक्स. आज ज्याला अल्टरनेटिव्ह कंट्री म्हणतात त्याचा पाया घालणाऱ्या अल्बमांत तो मोजला जातो, पण तेव्हा दुकानात तो ठेवायचा कुठल्या फळीवर हेच कुणाला कळत नव्हतं. अंकल टुपेलो या इलिनॉयमधल्या बँडचा 'नो डिप्रेशन' १९९० साली आला, त्यावरून नाव घेतलेलं मासिक १९९५ साली सुरू झालं आणि मग या संगीताला घर मिळालं. नाव पडलं तेव्हा लुसिंडा चाळिशी ओलांडून गेली होती. अल्ट-कंट्री म्हणजे नेमकं काय, यावर वाद घालण्यात मला रस नाही. नॅशव्हिलच्या रेडिओला नको असलेलं कंट्री एवढी व्याख्या कामापुरती पुरते.

आता पैशाचं.

१९८८च्या त्या अल्बमवर 'पॅशनेट किसेस' नावाचं एक गाणं होतं. मेरी चेपिन कार्पेंटर या गायिकेनं १९९२च्या आपल्या अल्बममध्ये ते घेतलं. १९९३ साली ते कंट्रीच्या यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत गेलं आणि १९९४ साली लुसिंडाला सर्वोत्तम कंट्री गीताचं ग्रॅमी मिळालं. म्हणजे तिचं पहिलं ग्रॅमी गायनाबद्दलचं नव्हे, लिहिण्याबद्दलचं. कार्पेंटरच्या त्या अल्बमच्या अमेरिकेत ४० लाखांवर प्रती गेल्या.

अमेरिकेत त्या वेळी कायद्यानं ठरलेला दर असा होता: विकल्या गेलेल्या प्रत्येक प्रतीमागे, प्रत्येक गाण्यासाठी, गाणं लिहिणाऱ्याच्या बाजूला ६.२५ सेंट. चाळीस लाखांनी गुणा. अडीच लाख डॉलर होतात! यातून प्रकाशकाचा, म्हणजे गाण्याचे हक्क सांभाळणाऱ्या कंपनीचा वाटा जातो, बहुतेक करारांत निम्मा. कधी ठरलेल्या दरात सूटही दिली जाते. हे सगळं वजा केलं तरी, एका दुपारी अख्खा अल्बम गाऊन मिळालेले २५० डॉलर एकीकडे आणि स्वतः न गायलेल्या एका गाण्याची ही रक्कम दुसरीकडे. शिवाय रेडिओ. अमेरिकेत साध्या रेडिओवर गाणं वाजलं की पैसे कवी-संगीतकाराला आणि प्रकाशकाला मिळतात, गाणाऱ्याला मिळत नाहीत. कार्पेंटरचा आवाज देशभर वाजत होता आणि त्या वाजण्याचे पैसे लुसिंडाच्या बाजूला जमा होत होते.

हे एकच गाणं नव्हे. पॅटी लव्हलेसनं १९९० साली तिचं गाणं घेतलं, एमिलू हॅरिसनं दोन घेतली, टॉम पेटीनं १९९६ साली 'चेंज्ड द लॉक्स' घेतलं. स्वतःचा अल्बम बाजारात नसलेल्या वर्षांतही तिच्या नावाच्या ओळी इतरांच्या सीडींच्या मागच्या बाजूला छापल्या जात होत्या.

आणि हे पैसे वेगळ्या वहीत असतात, हा मुद्दा नवीन मुलांना समजावताना माझा सगळ्यात जास्त वेळ जातो. रेकॉर्ड कंपनी जी रक्कम आगाऊ देते आणि स्टुडिओवर जो खर्च करते, तो तुमच्या विक्रीच्या वाट्यातून वळता होतो. अल्बम पुन्हा रेकॉर्ड केला की ती उधारी वाढते. पण गीतकार-संगीतकार म्हणून मिळणारा पैसा साधारणपणे त्या उधारीत अडकत नाही, करारात तसं कलम घुसडलेलं नसेल तर. म्हणून करार वाचताना पहिल्यांदा मी तेच कलम शोधतो. आपल्याकडे २०१२ साली कॉपीराइट कायद्यात बदल झाला आणि गीतकार-संगीतकाराचा रॉयल्टीचा हक्क कंपनीला लिहून देता येणार नाही असं ठरलं. तरीही ही रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचे सभासद नसलेले कितीतरी कवी मला भेटतात. तुम्ही इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीच्या सभासद नसाल तर आधी व्हा, बाकीचं उत्तर नंतर वाचलं तरी चालेल.

आता त्या सहा वर्षांकडे. सहा वर्षं हे दोन अल्बममधलं अंतर आहे, स्टुडिओत काढलेला वेळ नव्हे. 'स्वीट ओल्ड वर्ल्ड' १९९२च्या ऑगस्टमध्ये आला. त्याआधीच रफ ट्रेड दिवाळखोरीत गेली होती, आरसीए या बड्या कंपनीशी केलेल्या करारातून ती मिक्स पसंत न पडल्यामुळे बाहेर पडली होती आणि ज्या कमिलियन कंपनीनं हा अल्बम काढला तीही लवकरच बंद पडली. तुम्ही म्हणता त्या १९९८च्या 'कार व्हील्स ऑन अ ग्रॅव्हल रोड'चं ध्वनिमुद्रण १९९५ साली ऑस्टिनमध्ये सुरू झालं, मॉर्लिक्सबरोबरच. बरंचसं झालंही. त्याच सुमारास गायक-गीतकार स्टीव्ह अर्लनं तिला आपल्या अल्बममधल्या एका गाण्यात बरोबर गायला बोलावलं. तिनं ते गाणं ऐकलं, मग स्वतःच्या अल्बमची टेप ऐकली. अर्लकडचा आपला आवाज अधिक खरा आहे असं तिला वाटलं आणि नॅशव्हिलमध्ये अर्ल आणि रे केनेडी यांच्याबरोबर तिनं काम नव्यानं सुरू केलं. मॉर्लिक्स दुखावला गेला. दहा-अकरा वर्षांची साथ तिथं संपली. नॅशव्हिलचं काम बहुतेक होत आलं तेव्हा अर्लला दौऱ्यावर जायचं होतं. राहिलेलं तिनं लॉस एंजलिसमध्ये पियानोवादक-निर्माता रॉय बिटन यांच्याबरोबर पुरं केलं. वर ती तेव्हा ज्या 'अमेरिकन' नावाच्या रेकॉर्ड कंपनीकडे होती तिच्या वितरणाच्या करारांची उलथापालथ. शेवटी मर्क्युरीनं अल्बम घेतला आणि ३० जून १९९८ला तो आला.

१९९७ साली न्यूयॉर्क टाइम्सच्या मॅगझिनमध्ये तिच्यावर मोठा लेख छापून आला. त्यात ती आपल्याच कामाला पुरी होऊ न देणारी, छळणारी आणि छळून घेणारी बाई दिसते. ती प्रतिमा तिला कायमची चिकटली. मला त्याचा राग येतो. दोन वर्षं एका ड्रमच्या आवाजासाठी घालवणारे पुरुष मी वाचले आहेत, त्यांना ध्येयवेडे म्हणतात. स्वतःचा गळा टेपवर नीट उतरला नाही म्हणणाऱ्या बाईला मात्र चक्रम म्हणतात.

तिला काय ऐकू आलं असेल, हे मी माझ्या कामावरून सांगू शकतो. लुसिंडा ठेक्याच्या नेमकी मागे गाते. शब्द उशिरा उचलते, शेवटचं व्यंजन अर्धवट सोडून देते, ओळ खाली ओघळू देते. अशा आवाजाभोवती वाद्यं जरा जास्त नीटनेटकी झाली की गाणारी उशीर करते आहे असं वाटायला लागतं. वाद्यं सैल, खरखरीत, जवळची असली की तोच उशीर ओढ वाटतो. सूर दोन्हीकडे सारखाच असतो. वाद्यमेळात बसलेल्या माणसाला हा फरक लक्षात येईलच असं नाही. ज्याचा गळा आहे त्याला तो पहिल्या दहा सेकंदांत कळतो.

हे मी चूक करून शिकलो. साधारण २००८ची गोष्ट. एक बाई आपल्या आजीच्या ओव्यांवरून केलेलं गाणं घेऊन आल्या होत्या. त्यांचं गाणं टेकवलेलं, पाटीवर पीठ चाळल्यासारखं हळूहळू पुढं सरकणारं. मी रात्री एकटा बसून त्यांचा प्रत्येक शब्द संगणकावर मात्रेच्या रेषेला आणून लावला. मोठ्या कौतुकानं दुसऱ्या दिवशी ऐकवलं. त्या शेवटपर्यंत शांतपणे ऐकत राहिल्या आणि म्हणाल्या, 'दादा, छान आहे. पण ही मी नाही, आजी तर नाहीच.' मूळ टेक मी जपून ठेवलेला होता म्हणून निभावलं. आम्ही ढोलकी काढून टाकली, एक एकतारी ठेवली आणि त्यांचा 'उशीर' जसाच्या तसा राहिला. त्या दिवसापासून गाणारा 'नाही' म्हणाला की मी आधी टेप ऐकतो, माणसाचं वय किंवा नाव बघत नाही.

म्हणून हेकेखोरपणा का, या प्रश्नाला माझं उत्तर नाही असं आहे. पण त्याची किंमत कुणाला तरी मोजावी लागली हे लपवू नये. मॉर्लिक्सचं काम कमअस्सल नव्हतं. दहा वर्षं ज्यानं तुमच्या गाण्याला आकार दिला त्याला सांगायचं की तुझ्याबरोबरची टेप बाजूला ठेवते आहे, हे कुणालाही जड जाईल. असं करायची वेळ तुमच्यावर आली तर त्या माणसाला तुमच्या तोंडून कळू दे, दुसऱ्या कुणाच्या नव्हे. आणि त्याची बिदागी आधी चुकती करा.

अल्बमनं काय केलं ते थोडक्यात सांगतो. सर्वोत्तम समकालीन लोकसंगीत अल्बमचं ग्रॅमी, न्यूयॉर्कच्या व्हिलेज व्हॉइस या साप्ताहिकानं घेतलेल्या समीक्षकांच्या मतदानात त्या वर्षीचा पहिला क्रमांक, आणि विक्रीत गोल्ड, म्हणजे पाच लाख प्रती. तिचं वय तेव्हा ४५ होतं.

पण त्याहून मोठी पावती तिला नॅशव्हिलच्या ब्लूबर्ड कॅफेत मिळाली, अशी माझी समजूत आहे. ही जागा म्हणजे काही टेबलं आणि खुर्च्या, गीतकार अगदी श्रोत्यांच्या गुडघ्याला गुडघा लावून गातो. तिथं तिनं त्या अल्बमचं शीर्षकगीत गायलं. गाण्यात सकाळचं स्वयंपाकघर आहे, रेडिओ आहे, मोठ्यांची बोलणी आहेत, सामान भरणं आहे आणि गाडीच्या मागच्या सीटवर बसलेलं चार-पाच वर्षांचं मूल आहे, धुळीनं आणि आसवांनी मळलेलं. कोण कुणावर का रागावलं आहे हे गाणं सांगत नाही. मुलाला जेवढं ऐकू येतं तेवढंच आपल्याला. गाणं संपल्यावर वडील तिच्याजवळ आले आणि त्यांनी तिची माफी मागितली. तिला कळेना, कशाची? ते म्हणाले, ते मूल तूच आहेस. लिहिताना हे तिच्या लक्षात आलेलं नव्हतं.

कवी असलेल्या बापाला आपल्या मुलीच्या गाण्यात चाळीस वर्षांपूर्वीची आपलीच गाडी दिसावी! हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा हातातलं काम ठेवून ते गाणं पुन्हा लावलं होतं. तोपर्यंत मला ते प्रवासाचं गाणं वाटायचं.

पुढचा प्रवास मी भराभर सांगतो, कारण तुमचा प्रश्न तिथपर्यंत नाही. २००१च्या 'एसेन्स'मध्ये तिनं शब्द एकदम कमी केले. त्यातल्या एका गाण्याला रॉक गायनाचं ग्रॅमी मिळालं, म्हणजे लोकसंगीत, कंट्री आणि रॉक या तिन्ही खात्यांत तिचं नाव लागलं. ज्यांनी तिची टेप 'हे ना धड इकडचं ना तिकडचं' म्हणून परत केली होती, ती सगळी खाती. सहा वर्षांत एक अल्बम करणारी ही बाई २००१नंतर दोन-तीन वर्षांनी एक अल्बम देऊ लागली, २०१४ साली तर स्वतःच्या हायवे ट्वेंटी या लेबलवर दोन सीडींचा. चक्रमपणाची थिअरी इथंच कोसळते. आपला आवाज टेपवर कसा उतरतो हे एकदा कळल्यावर तिला वेळ लागलाच नाही.

नोव्हेंबर २०२०मध्ये तिला पक्षाघाताचा झटका आला. डाव्या अंगावर परिणाम झाला, गिटार वाजवता येईना. ज्या वाद्यावर तिनं आयुष्यभर गाणी बांधली ते हातातून गेलं. २०२१च्या उन्हाळ्यात ती पुन्हा मंचावर आली, सुरुवातीला बसून गायली. २०२३ साली नवा अल्बम आला. पती टॉम ओव्हरबी आणि इतर साथीदारांबरोबर बसून लिहिलेला. एकटीनं लिहिणारी बाई सत्तरीत चारचौघांत लिहायला शिकली.

तुम्ही विचारलं नाहीत, तरी एक काम सांगतो. १९८०च्या अल्बममध्ये 'आय लॉस्ट इट' नावाचं तिचं एक गाणं आहे आणि तेच गाणं १९९८च्या अल्बममध्येही आहे. शब्द तेच, चाल तीच. डोळे मिटून दोन्ही ओळीनं ऐका, चांगल्या हेडफोनवर, फोनच्या स्पीकरवर नको. पहिल्यात २७ वर्षांची, तुमच्याच वयाची मुलगी आहे, आवाज हलका, वरचा, ठेक्याबरोबर धावणारा. दुसऱ्यात तिला कुठंच पोचायची घाई नाही. मग तुमचं सगळ्यात जुनं गाणं काढा, जे तुम्हाला आता बालिश वाटतं ते, आणि आजच्या गळ्यानं फोनवर एकदा साधं रेकॉर्ड करा. ठेका मोजून देणारा मेट्रोनोम लावू नका.